टोलचा मेसेज

मंगळवार, दिवाबत्तीची वेळ

आज टोलच्या मेसेजनं मोबाईल वाजलाच नाही. आमचे हे तुमसरचा तांदूळ घेऊन ट्रकनं रायपूरले गेले. गाडीचा फास्टॅग माह्या नंबरवर हाय. नाक्यावर टोल कटला का मेसेज येते, अन् मले समजते, मानूस इथवरी नीट पोचला.

काल मीच म्हटलं, "टोल आपल्याच खिशातून जाते. जंगलाच्या रस्त्यानं जा ना, दोन्ही नाके वाचतीन."

हे हासले, "वा गं मालकीन! आता तूच चालव गाडी." अन् खरंच तिकडून गेले.

दुपारीच पोचाले पायजे होते. फोन लागून नाही राहिला. टोल वाचला तर मेसेज कुठून येईन, हे मले काहून नाही सुचलं?

मघा मोबाईल वाजला. पोरगी "बाबा आले, बाबा आले" करत नाचली. पाहतो तं रिचार्जचा मेसेज. तिले कसं सांगू? मी पदरात तोंड घालून रडली.

देवा, सारे टोल कटू दे. दोनदा कटू दे. पन मोबाईल वाजू दे.