लाल स्टिकरची खोकी

२ फेब्रु., रविवार
पौष संपला आणि सगळ्यांना एकदम घाई सुटली. गुरुवारी घर सोडायचं. सोसायटीतले निम्मे गेलेच. चिंचवडची ही आमची तीन मजली इमारत पाडून बावीस मजली होणार म्हणे. बिल्डरचा माणूस कागद घेऊन आला होता. तीन वर्षांत परत याल म्हणाला. मी सत्तर पूर्ण, असं त्याला सांगितलं, तर म्हणतो, लिफ्ट असेल ना काकू.

तोवर पुनावळ्याला, अभयकडे. मुलगा-सूनच आहेत, परके नाहीत. हे स्वतःला दोनदा बजावलं.

३, सोमवार
माळा उपसला. वह्या निघाल्या. वह्या कसल्या, पुस्तकंच ती. सत्तावीस. नोकरीत जिथे जिथे बदली झाली तिथे तिथे चौथीच्या पोरांकडून दरवर्षी एकेक पान लिहून घ्यायचे. मी राहतो ती जागा. वर लिहायचं, खाली नकाशा काढायचा. वर्ष संपलं की स्टेशनजवळच्या बाइंडरकडून पुठ्ठा घालून घ्यायचा, पाठीला निळं कापड. मुख्याध्यापक हसायचे. बाई, याला मार्क नाहीत. नव्हतेच.

दुपार वाचण्यात गेली, बांधाबांध राहिली. एकाने लिहिलंय, 'आमच्या घरामागे ऊस होता, आता कंपनीची भिंत आहे. भिंतीला ऊन लागते म्हणून आई तिथे पापड घालते.' या शहरावर जाडजूड ग्रंथ निघालेत. तीन माझ्याकडेही आहेत, सत्कारात मिळालेले, गुळगुळीत कागदाचे. त्यात उड्डाणपूल आहेत, उद्घाटनं आहेत, फेटे आहेत. पापड कुठेच नाहीत.

४, मंगळवार
रथसप्तमी. सोसायटीतलं शेवटचं हळदीकुंकू, आम्ही सहाजणी. वाण म्हणून प्लॅस्टिकचा डबा. सामान कमी करायचं चाललंय आणि डबा.

संध्याकाळी किसनचा फोन. पुनावळ्याच्या शाळेत मी सहा वर्षं होते, तेव्हाचा विद्यार्थी. गेल्या महिन्यात अभयच्या सोसायटीच्या गेटवर भेटला. त्याचे पाण्याचे टँकर आहेत, आख्ख्या सोसायटीला तोच पाणी घालतो. भररस्त्यात पाया पडला. आज म्हणाला, "बाई, आमची विहीर हाय का अजून त्या पुस्तकात? पोरगी म्हनती, पप्पा थापा मारतात, हितं कुठं विहीर व्हती."

आहे म्हटलं. कालच पाहिली. पान भरून विहीर, आणि गाव कोपऱ्यात, मुंग्यांएवढं. खाली माझा शेरा, लाल शाईत. प्रमाण चुकले. त्याला तो शेराही पाठ. हसत होता. मी नीट हसले नाही.

ये म्हटलं मुलीला घेऊन. मी तिकडे आले की दाखवते. शब्द दिला.

५, बुधवार
अभय सकाळी फर्स्ट शिफ्टला जाता जाता येऊन गेला. चाकणला कंपनीत क्वालिटीत आहे, बापाच्याच वळणावर. स्टिकरचे तीन रोल टेबलावर टाकले. लाल, पिवळा, हिरवा. "आई, प्रत्येक खोक्याला लावून ठेव, म्हणजे उद्या गोंधळ नको." एवढं कळतं म्हटलं मला. तो गेलासुद्धा.

पिवळे स्वयंपाकघराला. हिरवे ज्याला त्याला, म्हणजे गेलं तरी चालेल अशाला. ते फेट्यांचे ग्रंथ हिरव्यात. वह्यांची दोन खोकी, त्यांना लाल, चारी बाजूंनी, वर मोठ्या अक्षरात 'आई'. तीस वर्षं ज्या पानाकडे लक्ष जायला हवं त्यावर लाल चालवलं. दुसरा रंग सुचलाच नाही.

कंबर धरली.

६, गुरुवार
अभयची सुट्टी. या पट्ट्यात कंपन्यांचा रविवार गुरुवारीच येतो.

मी आणि सून ऋता पुढे निघालो. देव, मीठ आणि दुधाचं पातेलं आधी जायला हवं. मागे अभय आणि सामानवाले. इंडक्शनवर दूध उतू घालायचं तर ते यंत्र आपोआप बंद पडतं. तीनदा लावलं. चौथ्यांदा कसंबसं काठावरून एक ओघळ आला. ऋता म्हणाली, चालेल ना आई? न चालून काय करते.

चौदावा मजला. खाली पाहिलं की गरगरतं. शाळा शोधली, सापडली नाही.

८, शनिवार
खोकी उघडतेय. तीन ग्रंथ सुखरूप, एक कोपरा दुमडलेला नाही.

वह्या नाहीत.

अभय सेकंड शिफ्टला गेलाय. ऋता म्हणते बाल्कनीत असतील. बाल्कनीत नाहीत. पलंगाखाली नाहीत. दूध उतू गेलं तेच नीट गेलं नाही, असले विचार मनात येतात, आणि मी जन्मभर पोरांना शकुन-अपशकुन मानू नका असं शिकवलं.

९, रविवार
सकाळी विचारलं. तो चहा पीत होता.

"ती लाल स्टिकरची? ती रिजेक्टची ना, आई? भंगारवाल्याला दिली."

भंगारवाल्याला, असं मी परत विचारलं. त्यालाच कळलं मग, कप खाली ठेवला. लाल म्हणजे रिजेक्ट, पिवळं म्हणजे थांबवलेला माल, हिरवं म्हणजे पास. कुठल्याही कंपनीत जा, हेच. सामानवाल्यांतले दोघे आधी कंपनीत होते, त्यांनीही न विचारता लाल खोकी बाजूला काढली होती म्हणे. "आई, बाबांनी तुला कधी सांगितलं नाही?"

सांगितलं होतं. हे चौतीस वर्षं इन्स्पेक्शनला होते. शर्ट धुवायला घेतला की खिशातून लाल टॅग निघायचे. भाजीवालीसमोर टोमॅटो उचलून रिजेक्ट म्हणायचे आणि मी लाजेने चार पावलं पुढे जायचे. ह्यांना जाऊन चार वर्षं झाली. मला माहीत नव्हतं असं मी म्हणूच शकत नाही.

पण लागलं ते वेगळंच. अभय म्हणाला, "वर तुझ्या हाताने 'आई' लिहिलेलं. मला वाटलं, तूच ठरवलंस. बरं वाटलं मला, की आईने मन मोठं केलं, जुनं सोडलं."

बरं वाटलं त्याला. हे वाक्य मी विसरणार नाही, आणि तो चुकीचं बोलला असंही नाही.

जेवले नाही. ऋताने ताट झाकून ठेवलं. तिच्यावर चिडायला काही मिळतं का पाहिलं, मिळालं नाही. त्याचाही राग आला.

१३, गुरुवार
अभयबरोबर चिंचवडला, भंगाराच्या दुकानात. दुकानदार बोलायला बरा होता, बसायला स्टूल दिलं. कागद त्याच संध्याकाळी गाडीत भरून गेला. कुठे, तर गोदामाला, तिथून मिलला. आता त्याचा लगदा झाला असेल, बाई, असं त्याने स्वच्छ सांगितलं. निदान तो खोटं बोलला नाही.

मग म्हणाला, पुठ्ठे असतील. पुठ्ठा वेगळा जातो, कागद वेगळा. म्हणून आधी बाइंडिंग फाडतात. मागे ढीग होता, त्यात अभय गुडघ्यांवर बसून शोधत राहिला. कंपनीत पाच माणसांचा साहेब. अकरा पुठ्ठे मिळाले. निळं कापड पाठीला तसंच, पोटात काही नाही. पुनावळ्याचा एक आहे. आतून डिंकाला कागदाची चिंधी चिकटलेली, तिच्यावर कुणाचं तरी अर्धं नाव.

येताना आमच्या इमारतीवरून आलो. खिडक्या काढून नेल्यात. मी मान वळवली नाही.

घरी आल्यावर अभय म्हणाला, फोटो काढून ठेवायला हवे होते, आई, मी तुला किती वेळा म्हटलं. म्हटलं होतं त्याने. मी म्हणायचे, पुस्तक हातात धरायचं असतं. आता धरा पुठ्ठे.

१६, रविवार
टँकर नाही म्हणून सकाळी दोन तास नळ कोरडे. सोसायटीच्या ग्रुपवर किसनच्या नावाने शिमगा. कुणीतरी लिहिलं, हे लोकल लोक माजलेत. मी ते वाचलं आणि गप्प बसले. बाई ना मी त्याची. एक ओळ लिहिता आली असती.

दु. त्याचाच फोन. विहीर कुठे होती ते सांगत होता. तुमच्या बिल्डिंगचं खालचं पार्किंग हाय ना, त्येच्या तोंडालाच. बारा परस, म्हंजे एकावर एक बारा मानसं, एवढी खोल, चैत्रातपण पाणी. आख्खं गाव शेंदायचं. "मोठीच व्हती बाई, मी खोटी न्हवती काढली." तक्रार नव्हती त्यात, नुसतं सांगणं. गुरुवारी येतो म्हणाला, पोरीची शाळा सुटली की.

तेव्हा सांगायला हवं होतं. ये म्हटलं.

प्रमाण चुकले. नऊ वर्षांच्या पोराला त्या गावात विहिरीहून मोठं काय दिसणार होतं? चुकलं असेल तर माझं. तो शेरा मला आता खोडताही येत नाही.

१९, बुधवार
झोप नाही. अभयने काल जेवताना विषय काढला. म्हणाला, मी टाकली असं सांग त्याला, आई. खरंच आहे ते, माझ्या हातानेच दिली. मुलगा चांगला आहे. मला ते सोपं पडेल हेही त्याला कळलंय.

दिवसभर तेच वाक्य मनात बसवून पाहतेय. 'आमच्या मुलाने चुकून दिली रे.' बसतं. कुठेच अडत नाही. म्हणूनच नको वाटतं.

२०, गुरुवार
सं. सहा. पुनावळ्याचा पुठ्ठा पुसून टेबलावर ठेवलाय. ऋताने मुलीसाठी शिरा केला. न सांगता केला, हे लिहून ठेवते.

बाल्कनीतून एकदा खाली पाहिलं. पार्किंगच्या तोंडाशी टँकर उभा, पाईप टाकीत सोडलेला. चौदाव्या मजल्यावरून तोही केवढासा.

आत्ता गेटवरून वॉचमनचा फोन. किसन नावाचे कुणी आहेत, सोबत मुलगी आहे, वर पाठवू का?

पाठवा म्हटलं.

अभय सोफ्यावरून उठून दाराकडे निघाला. म्हणाला, "आई, मी सांगतो."

"बस खाली," म्हटलं.

लिफ्ट वाजली. वही मिटते.