व्याह्यांच्या हाती वाण

अर्धापूर, जि. नांदेड
२८ मे २०२६, अधिक ज्येष्ठ

चिरंजीव जावईबापू डॅनियल यांना धुरपताबाईचे पोटभर आशीर्वाद.

इकडं सगळं ठीक आहे. ऊन असं की दुपारी केळीची पानंसुद्धा हात जोडल्यासारखी मिटतात. तुमचा खोकला गेला असेल. हे पत्र तनुजा तुम्हाला तुमच्या भाषेत वाचून दाखवील. तनुजा, एकही शब्द गाळू नकोस. तुझी सवय मला ठाऊक आहे.

धोंड्याचा महिना तीन वर्षांनी येतो. मागच्या वेळी तुम्ही आला होता. मांडी घालता येईना म्हणून तनुजाच्या बाबांनी तुमच्या पाठीला उशी दिली होती. यंदा ते नाहीत. आणि यंदा तुम्हाला रजा मिळाली नाही, असं तनुजा म्हणाली. बरं.

तुम्ही नाही, पण तुमचे वडील आले. हैदराबादला मित्राकडं आले होते, तिथून गाडी करून इकडं. मेजर जनरल येणार म्हटल्यावर गल्लीत गडबड उडाली. शेजारच्या गुणाबाईला वाटलं, मागं शिपाई असतील. तिनं चहाचं मोठं पातेलं चढवलं. गाडीतून उतरला एकटा उंच म्हातारा, हातात केळ्यांचा घड. केळीच्या गावात, अर्धापुरात, केळी घेऊन येणारा पाहुणा मी जन्मात पहिल्यांदा पाहिला!

गुणाबाईची सून शिवांगी कॉलेजात इंग्रजी शिकवते, तिला मधे बोलायला बसवलं. पाट मांडला, रांगोळी काढली, पुरणाचे धोंडे वाफेवरून उतरवले. बसा म्हटलं, तर साहेब उभेच. "आधी तुम्ही बसा," म्हणाले.

मी म्हटलं, "पाहुणा जेवल्याशिवाय आम्ही कशा बसू?"

ते हलेनात, मीही हलेना. धोंडे गार व्हायला लागले.

"आगं, काय झालं ह्यांला? पाट टोचून राहिला का?" गुणाबाई म्हणाली.

मग शिवांगीनं विचारून सांगितलं. त्यांच्या फौजेत नाताळच्या जेवणाला अधिकारी वाढतात आणि शिपाई जेवतात. एरवीही अधिकाऱ्यानं शेवटी जेवायचं. साहेब अठराव्या वर्षी फौजेत शिरले, तेव्हापासून हेच करत आले. आता सुटत नाही.

गुणाबाई कमरेवर हात ठेवून म्हणाली, "शेवटी जेवतो तो जनरल? मग आम्ही बायका जन्मापासून जनरलच की गं!"

शिवांगीनं हे सांगितल्यावर तुमचे वडील असे हसले की डोळे पुसायला लागले. बाह्या दुमडल्या, तुपाची वाटी उचलली आणि आम्हा तिघींना पाटावर बसवून वाढायला लागले. वाढणं चांगलं, पण तूप जरा लष्करी, मोजून एकेक चमचा. गुणाबाईचा नवरा ईश्वरप्पा दारातून बघत होता. "बघा, बघा," ती म्हणाली, "लग्न झाल्यापास्नं तुमी पाण्याचा तांब्या दिला न्हाई. लंडनचा जनरल तूप वाढून राहिला!" ईश्वरप्पा म्हणाला, "लई लाडावू नका ह्यांला, साहेब, उद्या मला भोगावं लागंल." तरी शेवटी साहेबांना त्यानंच वाढलं. इतकं हसू या घरात दोन वर्षांनी झालं.

जेवणानंतर ते बाजेवर बसले. मी जुन्या पेपरांवर वाचायला शिकलेली बाई, लढायांची पुस्तकं मला आवडतात. म्हणून विचारत गेले. त्यांचे वडील चपला-बूट शिवायचे, हे मला ठाऊक नव्हतं. तुम्हाला तरी आहे का? पोरगा भरती झाला, जर्मनीत रणगाड्यांवर राहिला, आयर्लंडच्या गल्ल्यांत फिरला, बोस्नियाच्या बर्फात पूल बांधून घेतले, इराकच्या वाळूत हजारो माणसं सांभाळली. शेवटी लंडनच्या कचेरीत टेबलामागं. म्हणाले, सगळ्यात अवघड लढाई ती, कारण समोरचे सगळे आपलेच.

मी विचारलं, "तुम्ही बर्फात होता, तेव्हा पोरगं कितवीत होतं?"

शिवांगीनं सांगितलं.  साहेब म्हणाले, कुठली तुकडी कुठल्या टेकडीवर आहे ते झोपेतही सांगता आलं असतं. हे नाही सांगता येत.

तेव्हा मला रजेची गोष्ट कळली, जावईबापू; वडील येणार म्हणून तुम्ही आला नाही. मग तेच बोलले. तुमची आई शेवटची दवाखान्यात होती, तेव्हा साहेब परमुलखात फौजेच्या कामावर. निघू, निघू करत राहिले, आणि पोचले तेव्हा तुम्ही एकट्यानं आईचं सगळं उरकलं होतं. त्यांनी मला तुमच्याकडं रदबदली करायला सांगितली नाही. एवढंच विचारलं, "माझा मुलगा इथं आला होता, तेव्हा तो हसला का?"

मी तुमची ठेच्याची गोष्ट सांगितली. चटणी समजून चमचाभर खाल्ला आणि गोठ्यातल्या हौदात तोंड बुडवलं, ती. त्यांनी ती पुन्हा सांगायला लावली. मग अजून एकदा.

धोंड्याचं वाण जावयाला सासरवाडीचं माणूस देतं, आणि ते कुणी परत करत नाही. मी तांब्याच्या ताटात अनारसे बांधले आणि तुमच्या वडिलांच्या हाती दिले. गुणाबाई ओरडली, "आगं, व्याह्याला हमाल करतीस?" मी म्हटलं, "माझ्याकडं पाठवायला दुसरं कोण आहे?" साहेब ताठ उभे राहिले. काय बोलायचं, विचारलं. मी म्हटलं, "'सासूबाईंनी पाठवलंय' एवढंच." गाडी निघायची आहे, तोवर अंगणात तेच घोकतायत, "सासूबायनी पाटवलय."

हे पत्र आता ताटाखाली ठेवते. त्यांना मराठी वाचता येत नाही, म्हणून मोकळं लिहिते.

तुमचा राग खोटा नाही. तो सोडा, असं मी म्हणणार नाही. तनुजाचे बाबा एसटीचे ड्रायव्हर. सणाला सगळ्यांची माणसं घरी पोचवायचे, आणि आमचा माणूस गाडीसकट निलंग्याला मुक्कामी. मी फार चिडायचे. आता दिवाळी येते, पाडवा येतो, सगळं वेळेवर होतं. चिडायला माणूस नाही.

तनुजा, ते अजून दारात उभे असतील तर वाचणं थांबव आणि आधी त्यांना आत घे. आणि आत आले असतील तर जावईबापू, त्यांच्यावर हवं तेवढं चिडा, पण जेवायला वाढून चिडा.

तुमची सासू,
धुरपता