दादाची पाटी

३ मार्च, दुपारी तीन. पाटी कोर्टात जमा करून बाहेरच्या बाकावर बसलो आहे.

प्रिय दादा,

आपल्या जागेत लोक कचरा टाकायचे, म्हणून तूच ही पाटी रंगवली होतीस ना, 'सरकारी जागा. कचरा टाकू नये.' बाबा रागावले तेव्हा तू हसून म्हणालास, "आपल्याला कोण घाबरतंय? सरकारला तरी घाबरतील." कचरा खरंच थांबला. मग तू तापाने गेलास. गेल्या वर्षी मोजणीवाले आले, त्यांनी पाटी वाचली आणि जागा सरकारी म्हणून कागदावर चढवली.

आज न्यायाधीशांनी विचारलं, "ही कुणी रंगवली?"

"माझ्या थोरल्या भावाने."

"मग त्यांना साक्षीला आणा."

आपले वकील म्हणाले, "तो वारला, साहेब."

निकालापर्यंत पाटी पुरावा म्हणून कोर्टाकडेच राहील. आई रोज सकाळी जागेवर जाऊन तुझी अक्षरं ओल्या फडक्याने पुसून लख्ख ठेवायची. घरी गेलो की ती जागेचं काही विचारणार नाही. "पाटी कुठाय रे?" एवढंच विचारेल.

तुझा,
धाकटा

ता. क. वकिलांना दिले चार हजार. देणे सहा हजार. येणे, तुझी पाटी.