ओथाराच्या वीणपोथीतला डावा हात

कोरिव्हा, धुक्याच्या महिन्याचा नववा दिवस

चि. तावेर यास इरुमताईचे आशीर्वाद, आणि थोडी लाज वाटावी ही इच्छा.

ओथाराची वीणपोथी आणि तिच्यावरची तुझी तीनशे पानांची टीका पोचली. नऊशे वर्षांपूर्वीच्या या पंडिताने जन्मात मागाचा धोटा हातात धरला नव्हता, हे मला दुसऱ्याच पानावर कळलं. हा बाबा मागासमोर बसून, विणणारीकडे बघत लिहीत गेलाय. म्हणून त्याची डावी बाजू ती विणणारीची उजवी. वारापटाचा पहिला धोटा डावीकडून म्हणे! तसं विणलंत तर कापड वारा अडवायचं सोडून ओढून आणेल. आपल्या दारावरच्या वारापटाच्या काठाची शेव तू कधी नीट पाहिलीस का? पाहिली असशील, तोंड पुसताना.

झरूमच्या वेशीवर चाळीस हात लांबीचा वारापट लावायचा घाट घातला आहेस असं ऐकते. थांब. निदान तुझ्या बायकोला विचार. लग्नानंतर महिनाभर नेल्सा माझ्या मागावर बसली, तेवढ्यात तुझ्यापेक्षा जास्त शिकली.

लोभ आहे, फक्त तुझ्या अकलेवर नाही.
इरुम

झरूम, धुक्याच्या महिन्याचा एकविसावा दिवस

ती. इरुमताईस सा. न. वि. वि.

तुझं पत्र मी पंडितसभेत वाचून दाखवलं. थोरले पंडित इतके हसले की त्यांना पाणी द्यावं लागलं. ओथाराची चूक काढणारी बाई लोकर कोणत्या पाण्यात धुते, असं त्यांनी विचारलं.

ताई, दारावर फडकं टांगणं वेगळं आणि शास्त्र वेगळं. नेल्सालाही तुझीच बाधा झाली आहे. तीन दिवस डावं-उजवं करत माझ्यामागे फिरते. स्वयंपाकघरात तिचं मत मी जरूर घेतो. बारा विणकर बायका कामाला लागल्या आहेत. त्यांच्यातल्या म्हातारीनेही कुरकुर केली, तेव्हा पोथीतलं वचन तिच्या तोंडावर वाचलं. मागावर जाऊन बसली. पुढच्या महिन्यात वारापट चढेल.

कृपादृष्टी असू दे, सल्ले नकोत.
तावेर

झरूम, वाळूवाऱ्याच्या महिन्याचा सहावा दिवस

ती. ताईस साष्टांग नमस्कार.

वारापट चढवला आणि दुपारपर्यंत सगळं वाळवंट गावात शिरलं. छपरं उडाली. पूर्वेची पेठ गाडली गेली, सात माणसं गेली. वारापट सुरीने कापता येत नाही, शेवटच्या धाग्यापासून उसवावा लागतो, हे तुला काय सांगायचं. त्या शेवटच्या धाग्यावर माझी साठ पानं आहेत. मी वेशीवर चढलो, कापड हातात घेतलं, आणि तो धागाच मला ओळखता येईना. मला बाजूला ढकलून नेल्साने डोळे मिटून शेव चाचपली, धागा शोधला आणि ओढत राहिली. वारा पडला. धाग्याने तिच्या उजव्या हाताची दोन बोटं नेली. ती माझ्याशी बोलत नाही.

सभेने दोष बारा बायकांवर ठेवला आहे. कापड नीट विणलं नाही म्हणून त्यांना कोंडलंय. चौकशीनंतर अंगठे तोडतील. थोरले पंडित मला म्हणाले की गप्प राहा, तुझं आसन शाबूत राहील. वीस वर्षांनी मिळालेलं आसन आहे, ताई. तू समजून घेशील.

तुझा,
तावेर

कोरिव्हा, त्याच महिन्याचा तेरावा दिवस

तावेर,

आशीर्वाद लिहायला हात वळत नाही.

समजून घेतलं. पोथी चुकीची वाचलीस तेव्हा तू मूर्ख होतास. मूर्खाला मी घरात घेते, जेवायला वाढते. आता तू जो होऊ पाहतोयस त्याला मी उंबऱ्यावर उभं करणार नाही. एवढंही कळायला पत्र लागतं याचीच किळस येते. नेल्साला इकडे पाठव. तू बस आसनावर.

इरुम

झरूम, त्याच महिन्याचा पंचविसावा दिवस

ती. इरुमताईस सा. न. वि. वि.

चौकशीच्या दिवशी मी सभेत माग मागवला. आधी समोर बसून ओथाराचं वचन वाचलं, मग विणणारीच्या जागी बसून तेच पुन्हा वाचलं. धोटा माझ्या हातातून दोनदा पडला, लोक हसले, पण लहान मुलालाही दिसलं की चूक कुणाची. सात माणसं माझ्या वाचनाने मेली, असं मी मोठ्याने सांगितलं. थोरले पंडित म्हणाले की हा बहिणीच्या शेणाच्या हातांनी बाटला. माझं उपरणं काढून घेतलं, मला नगराबाहेर घालवलं. बायका सुटल्या.

बाहेर त्या बाराजणी उभ्या होत्या. आभार कसले! म्हातारी माझ्या पायाशी थुंकली आणि नेल्साला विचारलं की कोरिव्हात माग किती आहेत. आता या शहरात त्यांच्या हाताला कुणी सूत देणार नाही. नेल्साने तुझं नाव सांगितलं, आणि माझ्याकडे वळून म्हणाली की सामान उचल. वारा पडल्यापासूनचा तिचा माझ्याशी पहिला शब्द.

सामान चौदा जणांचं आहे, आणि उचलणारा मी एकटा. अमावास्येपर्यंत पोचू. मला उंबऱ्यावर उभं करायचं की नाही ते तू ठरव, पण बाकी तेराजणींसाठी मोठं पातेलं चढव.

तावेर