नळी तोंडात धरून पाण्याखाली

रविवार, भाटघर

धरणात आमच्या पाणी उपसायच्या मोटारीचा पाईप गाळात रुतलाय. सिनेमातला हिरो तोंडात लांब नळी धरून तळाशी लपला, ते बघून माझा धाकटा पोरगा म्हणाला, “म्या बी तसाच उतरतो.” मला खरंच वाटलं की हो! नात सायली मात्र आडवी आली. फुगवलेली पिशवी नळीला बांधून, नळीचं दुसरं टोक पाण्यावर उघडं ठेवून तिनं पिशवी हौदात खोल दाबली. पिशवी पार चपटी!

“काका, ही तुमची छाती. पाणी दाबतंय, हवा घेणार कशी?”

“मग हिरो कसा जगला?”

“त्याला वर काढायला शूटिंगची माणसं हायेत. तुमाला कोण काढणार?”

धाकट्यानं नळी गुंडाळून ठेवली. ती चपटी पिशवी डोळ्यांपुढून हलत न्हाई. पाणी ओसरेल, तेव्हा पाईप काढू. उद्या नसरापुरात भेटेल त्याला सांगणार, आमच्या सायलीनं काकाला बुडू दिलं न्हाई.