कमीत कमी संगीत

३ मार्च
सिनेमा मिळाला. पूर्ण लांबीचा. पार्श्वसंगीत: मी. निर्धार: रोज सहाला उठणे, आधी रियाझ, मग काम. ताईला फोन केला. म्हणाली, गाणी किती आहेत? एकही नाही म्हटल्यावर म्हणाली, मग तू नक्की करणार काय, बाळा? घरच्यांना कलेतलं कळत नाही, हे जगजाहीर आहे.

४ मार्च, सकाळी १०.४०
आत्ता उठलो. पण संगीतकार झोपेतही काम करतच असतो.

९ मार्च
खिडकीला गादी लावली. बाहेरचा आवाज बंद. उजेडही बंद. एकाग्रता वाढली.
सीन असा: एकटा म्हातारा रिकाम्या घरात चहा करतो. त्याला व्हायोलिन, चेलो, बासरी, सगळं दिलं. ऐकून अंगावर काटा आला. माझ्याच. दुसरं कुणी नव्हतं, म्हणून गॅस सिलिंडरवाल्याला ऐकवलं. म्हणाला, झकास आहे साहेब, पण हा ठेवू कुठे? भारावून घामाघूम झाला होता. जिनाही चढून आला होता म्हणा.

१७ मार्च
दिग्दर्शक म्हणाला, चहाला जरा कमी कर. व्हायोलिन काढलं. कमी मागतो तोच खरा दर्दी.

२२ मार्च
चेलो काढला. नुसती बासरी. आता कुठे मी दिसायला लागलो.

२९ मार्च
बासरीही गेली. दिग्दर्शक म्हणाला, राग मानू नकोस यार, पण संगीत आलं की म्हाताऱ्याला सोबत होते. मला तो एकटा हवाय.
इतकी मोठी दाद आजवर कुणी दिली नव्हती. कुणाला तरी सांगावंसं वाटलं. ताईचा फोन लागला नाही.

१२ एप्रिल
बाकीच्या सीन्सनाही सोबत नको आहे. आता मी फक्त शेवटी, नावं सरकताना. मोक्याची जागा! लोक घरी जाताना मलाच गुणगुणत जाणार. ताईला बजावलं, पहिल्या खेळाला यायचंच. म्हणाली, येते रे, इतका काय जीव टाकतोस!

३ मे
हाउसफुल नव्हतं, पण दर्दी होते.
म्हाताऱ्याने चहा केला. ताई रडली. मग नावं सुरू झाली आणि ती उठली. म्हणाली, चल, लिफ्टला गर्दी होईल, माझे गुडघे बघ. माझा हात धरला. थांब म्हणायचं होतं. पण कुणी हात धरून बरेच दिवस झाले होते. गेलो.
बाहेर आल्यावर विचारलं, तुझं कुठलं होतं रे? म्हटलं, आत आत्ता चालू आहे ते. बिचारीने दाराला कान लावला. बराच वेळ ऐकलं. म्हणाली, छान आहे, पण नुसतं धपधप करतंय.
बंद दारातून बासच तेवढा येतो. जरा जास्त झालाय खरा. उद्या कमी करून पाठवतो.