तिसरी हाक

ता. ४ जून

चि. वकीलबाई नातीस अ. उ. आ.

पत्र पोचलं. मी तारखेला गैरहजर राहिले म्हणून कोर्टाने माझा दावा काढून टाकला, असं लिहितेस. गैरहजर तू होतीस, दुसऱ्या कोर्टात अडकून. मी दहापासून दाराबाहेरच्या बाकावर बसले होते. त्याची एक फळी सुटलीय, तिने चिमटेही काढले. बहिरी झालेय असं मनात आणू नकोस. पुकारा ऐकला. दोनदा.

घरची रीत तुला ठाऊक आहे. तुझे आजोबा मागच्या खोलीत पुस्तकं बांधायचे आणि चहासाठी मला आडनावासकट हाक मारायचे, मी आरोपी असल्यासारखी. तिसऱ्या हाकेशिवाय ओ द्यायची नाही, हा माझा पन्नास वर्षांचा हट्ट. शेवटच्या दिवशी दोनच आल्या. मी भांडी घासत तिसरीची वाट बघत राहिले. पुढचं तुला सांगायला नको.

कोर्टात आवाज त्यांचा होता. हसायचं तर हस. मी पुन्हा तिसरीची वाट बघत बसले, आणि दावा गेला.

धाकट्या भाऊजींनी त्या मागच्या खोलीला घातलेलं कुलूप दाव्याशिवाय निघायचं नाही. तेव्हा मेलेला दावा उठव. घरात सगळ्यांना आशीर्वाद, तुला थोडा कमी.

तुझी आजी


ता. ११ जून

ती. आजीस शि. सा. न. वि. वि.

दावा पुन्हा चालू करायला अर्ज केलाय. गैरहजेरीचं सबळ कारण द्यावं लागतं. तू आजारी होतीस असं लिहिलंय. मुकाट्याने सही कर.

एक गोष्ट लिहू की नको, असं झालंय. पुकारा करणारा शिपाई त्या दिवशी रजेवर होता. कारकून बाईंनी पुकारा केला, तीनदा. त्या म्हणाल्या की म्हातारी समोरच बसली होती, पण माझ्याकडे न बघता रिकाम्या जिन्याकडे बघत होती. आजी, तिथे त्या सकाळी पुरुषाने कुणालाच पुकारलं नाही.

त्या खोलीत आहे तरी काय? सुया, दोरा आणि एक लाकडी खुर्ची. तिच्यासाठी किती झुरशील?

तब्येत जप. माया असू दे, शिव्यांसकट चालेल.

तुझी नात


ता. २७ जून

चि. नातीस अ. उ. आ.

आजारी मला ठरवलंस आणि तापाने पडलीस तू. तुझ्याऐवजी तुझी मैत्रीण उभी राहिली. पहिल्याच पुकाऱ्याला मी अशी ओ दिली की कारकून बाईंच्या हातातला कागद पडला.

न्यायाधीशांनी आजाराचं विचारलं. मी म्हटलं, ठणठणीत आहे, आणि दोन हाकांचं सगळं सांगितलं. मैत्रिणीने कपाळावर हात मारला. साहेबांनी पेन खाली ठेवलं. मग म्हणाले, बाई दारात हजर होत्या, नुसती ओ द्यायची राहिली. दावा पुन्हा चालू.

भाऊजींनी हरकत घेतली नाही. बाहेर घाम पुसत म्हणाले, वहिनी, खोली तुमचीच, पण कुलूप राहू द्या, मी ते चोरांसाठी लावलेलं नाही. मी म्हटलं, ते मला केव्हाच कळलंय.

आणि मी खुर्चीसाठी झुरत नाही गं. माणूस उत्तराविना गेला. ते बाहेरून ओरडून द्यायचं नाही, उंबऱ्याच्या आत जाऊन द्यायचंय.

आज दुपारी भांडी घासताना तिसरी आली. कुलपामागून, आडनावासकट. मी नळ बंद केला. ओ दिली नाही. दाराशी जाऊन सांगितलं की पुढची तारीख वीस जुलै आहे, इतके दिवस मी थांबले, आता तुम्ही थांबा, कुलूप निघालं की आत येऊनच देते.

आत खुर्ची सरकली. ते वाट बघायला बसायचे, तशी.

बरी हो आणि तारखेला वेळेवर ये. दार उघडल्यावर माझा हात धरू नकोस. एवढी माया मागून ठेवते.

तुझी आजी